बाळाच्या गुटीतला मध आणि अण्णांचं चाटण

पत्राचा सारांश: रत्नागिरी जिल्ह्यातल्या खाडीकाठच्या एका गावातून एका तरुण आईने लिहिलं आहे. मुलगी साडेचार महिन्यांची. नवरा मुंबईला नोकरीत, गणपतीत आणि शिमग्याला येणारा. ती सासू-सासऱ्यांजवळ गावी राहते. सासूबाई रोज सकाळी बाळाला न्हाऊ घातलं की सहाणेवर गुटी उगाळतात आणि मधात कालवून बोटाने चाटवतात. मध ओळखीच्या माणसाकडचा, रानातल्या सातेरी मोहळाचा, ‘एकदम शुद्ध’. साडेतीन महिन्यांच्या लसीच्या वेळी डॉक्टरांनी वर्षाच्या आत मध देऊ नका असं सांगितलं. घरी येऊन तिने ते सांगितल्यावर सासूबाई एवढंच म्हणाल्या, “माझी तीन पोरं ह्याच मधावर वाढली,” आणि पुढचे चार दिवस धड बोलल्या नाहीत. गुटी तशीच चालू आहे. सासऱ्यांना, घरात सगळे त्यांना अण्णा म्हणतात, अकरा वर्षांपासून मधुमेह आहे, रक्तदाबाचीही गोळी चालू आहे. पाऊस लागला की त्यांना खोकला धरतो; मग दिवसातून तीनदा मधातलं सितोपलादी चूर्ण आणि सकाळी चमचाभर च्यवनप्राश. ‘साखर वाईट, मध चालतो’ अशी घरातली समजूत. तिचा प्रश्न असा: “मधाच्या बाटलीत मी गुपचूप गुळाचा पातळ पाक भरून ठेवला तर? रंग सारखाच दिसेल. बाळ सुरक्षित राहील आणि भांडणही टळेल. हे चूक आहे का?”

तुला ‘तू’च म्हणते, माझी धाकटी लेक तुझ्या वयाची आहे. किनाऱ्यावरच्या एका प्राथमिक आरोग्य केंद्रात मी सत्तावीस वर्षं नर्स होते. ती सहाण, ती वाटी, न्हाऊन लालबुंद झालेलं बाळ, सगळं तुझ्या पत्रातून मला दिसलं.

आधी उत्तर. बाळाला मध आजपासून बंद कर, उद्यावर ढकलू नकोस. आणि बाटलीत पाक भरू नकोस.

तुझ्या घरात मधाची बाटली एकच असणार. मग तो पाक गुटीत जाईल तसा अण्णांच्या चाटणातही जाईल, दिवसातून तीन वेळा. हे तुझ्या लक्षात आलेलं दिसत नाही. बाळाला तरी गुळाची गरज कुठे आहे? साडेचार महिन्यांच्या जिभेला आईच्या दुधाची गोडी पुरते. आणि सासूबाई जन्मभर मध हाताळलेल्या बाई. पहिल्या बोटालाच त्यांना चव कळेल. त्यानंतर बोलणं मधाबद्दल होणारच नाही, सुनेने फसवलं याबद्दल होईल. उद्या रात्री-बेरात्री बाळाला ताप चढला, तर रिक्षा बोलवायला आणि बाळाला मांडीवर घेऊन बसायला त्याच तुझ्याबरोबर असणार आहेत. त्यांचा तुझ्यावरचा आणि तुझा त्यांच्यावरचा भरवसा आत्ता मोडून चालणार नाही.

आता मध का नको, हे नीट समजून घे, म्हणजे तुला ते घरी आपल्या शब्दांत सांगता येईल. क्लॉस्ट्रिडियम बोट्युलिनम नावाचा एक जंतू मातीत, धुळीत असतो. त्याची बीजं मधात उतरू शकतात. मधात ती वाढत नाहीत, नुसती पडून राहतात. मोठ्या माणसाच्या पोटात गेली तरी आतड्यात आधीच वस्ती करून असलेले जंतू त्यांना रुजू देत नाहीत. वर्षाच्या आतल्या बाळाच्या आतड्यात ही वस्ती अजून बसलेली नसते. तिथे बी रुजतं आणि विष तयार करतं. नसेकडून स्नायूला जाणारा निरोप त्या विषाने तुटतो आणि बाळ हळूहळू लुळं पडतं. तान्ह्या बाळांचा हा आजार १९७६ साली अमेरिकेत पहिल्यांदा वेगळा ओळखला गेला आणि थोड्याच वर्षांत मधाशी त्याचा संबंध लागला. म्हणजे सासूबाईंच्या पहिल्या बाळंतपणात त्यांना हे सांगणारं गावात कोणी नसणं अगदी साहजिक आहे. ही बीजं नुसत्या उकळण्याने मरत नाहीत, त्यामुळे मध गरम करून देण्याचा मार्गही उरत नाही.

आता ‘तीन पोरं वाढली’ याचं काय? ती खरंच वाढली. हा आजार विरळा आहे, बहुतेक मधात ही बीजं नसतात, त्यामुळे बहुतेक बाळांना काही होत नाही. सासूबाईंचा अनुभव खरा आहे आणि डॉक्टरांचं म्हणणंही खरं आहे. अडचण एवढीच की कुठल्या बाटलीत बी आहे हे डोळ्यांना दिसत नाही, वासाने कळत नाही, आणि ज्या एका घरी ते निघतं तिथलं बाळ श्वास घ्यायच्या यंत्रावर जाऊ शकतं. समोर फायदा काय? चाटण गोड लागतं, इतकाच. तेवढ्यासाठी हा धोका घेण्याचं कारण मला सापडत नाही.

तू मध शुद्ध असल्याचं लिहिलं आहेस. तुझ्या मनात कुठेतरी असं आहे की बाजारचा भेसळीचा मध वाईट, आपला रानातला चालून जाईल. पण इथे शुद्धतेचा संबंधच नाही. ही बीजं कोणी मिसळलेली नसतात, ती निसर्गातूनच येतात, त्यामुळे पोळ्यातून समोर पिळून घेतलेल्या मधातही असू शकतात. आणि पाण्यात थेंब सोडून किंवा काडी पेटवून बघण्याच्या ज्या परीक्षा आपल्याकडे करतात, त्यांनी शुद्धताही ठरत नाही, मग बीजांचं काय कळणार?

इतके दिवस मध पोटात गेला आहे म्हणून तुझी झोप उडाली असेल. घाबरून जाऊ नकोस, पण महिनाभर लक्ष ठेव, कारण लक्षणं काही दिवसांपासून महिन्यापर्यंत कधीही दिसू शकतात. बऱ्याचदा सुरुवात शी न होण्याने होते. मात्र फक्त अंगावर पिणारी बाळं या वयात चार-पाच दिवस शी करत नाहीत हेही नेहमीचं आहे. बाळ खेळतंय, ओढून पितंय, तर त्याची चिंता नको. शी थांबली आणि त्याबरोबर दूध ओढायची ताकद कमी झाली, रडणं क्षीण झालं, पापण्या जड झाल्या, धरू लागलेली मान पुन्हा कलायला लागली, यातलं काही दिसलं तर त्याच दिवशी जिल्हा रुग्णालय गाठ. आणि तिथे स्वतःहून सांग की बाळाला मध दिला होता. लाजेने लोक हे लपवतात आणि डॉक्टरांचा वेळ दुसऱ्याच तपासण्यांत जातो.

आता गुटीकडे येते. तुझ्या पत्रात एक गोष्ट गृहीत धरलेली दिसते: मध काढला की गुटीचा प्रश्न मिटला. मला तसं वाटत नाही. सहा महिने पूर्ण होईपर्यंत बाळाला आईच्या दुधाशिवाय काही नको, पाणीसुद्धा नको, हा सल्ला जागतिक आरोग्य संघटनेपासून आपल्या आशाताईंपर्यंत सगळे देतात आणि माझंही मत तेच आहे. गुटीतली प्रत्येक काडी सारखी नसते. जायफळाने गुंगी येते. गुटीनंतर बाळ छान झोपतं असं कौतुकाने सांगतात तेव्हा मला आधी जायफळाचे वेढे मोजावेसे वाटतात. वेखंडातल्या एका द्रव्यामुळे अमेरिकेत १९६८ पासून ते खाद्यपदार्थांत घालायला बंदी आहे. अतिविषाची मुळी खरी असेल तर ठीक, पण त्याच्या जातभाईंमध्ये बचनागासारखी जहरी मुळं आहेत आणि दिसायला ती जवळची. आणि आपल्या कोकणातली हवा! आषाढ-श्रावणात पापडाला, लोणच्याला बुरशी धरते ती गुटीच्या काड्यांना धरणार नाही का? बुरशी आलेलं जायफळ किंवा बदाम धुऊन-पुसून वापरायचा नसतो, टाकून द्यायचा असतो. ओली सहाण तशीच फडताळात ठेवली तर दुसऱ्या दिवशीच्या गुटीत तिच्यावरचे जंतूही उगाळले जातात.

तरीही मला घरं माहीत आहेत. सगळं एका दिवसात बंद करायला गेलीस तर कदाचित मधही बंद होणार नाही. तुला आज एकच गोष्ट पदरात पाडून घेता येणार असेल तर मध बंद करून घे. गुटी सहा महिने पूर्ण होईपर्यंत थांबवण्याचं बोलणं त्यानंतर चार दिवसांनी कर. तोवर सासूबाईंनी हट्टच धरला तर जायफळ आणि वेखंड बाजूला काढून, उकळत्या पाण्याने धुतलेल्या कोरड्या सहाणेवर, तुझ्या दुधात एखादा वेढा, त्याहून जास्त नाही. हा मार्ग मी सुचवत नाही, पण मधातल्या चाटणापेक्षा तो बरा.

आणि हे तुझ्या दुधात उगाळणं काही मी शोधून काढलेलं नाही. कोकणात कितीतरी घरांत गुटी आईच्याच दुधात उगाळतात. माझी आजी वाटी घेऊन बाळंतिणीसमोर बसायची ते मला आठवतं. जुन्या ग्रंथांतही हे आहे. सुश्रुतसंहितेत बाळपणाचे तीन टप्पे केले आहेत: वर्षापर्यंत क्षीरप म्हणजे दुधावरचं, दोन वर्षांपर्यंत दूध आणि अन्न दोन्हींवरचं, पुढे अन्नावरचं. दुधावरच्या बाळाचं औषध दूध-तुपातून द्यावं आणि दूध पाजणारीलाही द्यावं असं तिथे म्हटलं आहे. वर्षाची ती रेघ आणि डॉक्टरांनी सांगितलेली रेघ एकाच जागी येते, हे सासूबाईंना सांगण्यासारखं आहे. अर्थात त्याच परंपरेत जातकर्माच्या वेळी नवजात बाळाला मध-तूप चाटवायलाही सांगितलं आहे, ते मी तुझ्यापासून लपवणार नाही. सासूबाईंनी तो दाखला दिला तर तो मान्य कर आणि सांग, त्या काळी या जंतूची ओळख कोणाला नव्हती, आपल्याला झाली आहे.

आता बोलायचं कसं? लसीवरून आल्याआल्या तू ‘डॉक्टर म्हणाले’ असं सांगितलंस, आणि तेही बहुधा त्यांचं बोट बाळाच्या तोंडाशी असताना. त्या क्षणी त्यांनी काय ऐकलं असेल? की तीस-पस्तीस वर्षं आपण पोरांना विष घातलं. त्या बोलत नाहीत ते रागाने असेल असं तू धरून चालली आहेस. मला तर वाटतं त्या आत कुठेतरी घाबरल्याही असतील. कामं आवरून दुपारी पडवीत बसल्यावर त्यांना त्यांच्या पहिल्या बाळंतपणाचं विचार. कोणी न्हाऊ घातलं, गुटी कोणी शिकवली, कधी बाळ आजारी पडलं तेव्हा काय केलं. ते ऐकून झाल्यावर म्हण, “आई, तुम्ही तिघांना नीट वाढवलंत, म्हणूनच ही तुमच्या हातात देते. फक्त ही वर्षाची होईपर्यंत मध नको, मला भीती वाटते.” ‘मला भीती वाटते’ हे खरं आहे आणि त्यात त्यांची चूक काढलेली नाही.

डॉक्टरांकडूनच त्यांनी ऐकावं असं वाटत असेल तर पुढच्या लसीची वाट बघू नकोस, ती थेट नऊ महिने पूर्ण झाल्यावर आहे. अंगणवाडीत बाळाचं वजन करायला जाशील तेव्हा त्यांना बरोबर ने आणि सिस्टरना त्यांच्यासमोर विचार. नवऱ्यालाही फोनवर सांग की आईशी त्याने स्वतः बोलावं. मुंबईत राहतो म्हणून तो यातून सुटत नाही. आणि गुटीची वेळ रिकामी ठेवू नका. मालीश, टाळूला खोबरेल, न्हाणं, अंगाई, हे सगळं त्यांच्याच हातात राहू दे. धुरी मात्र नको, तो धूर त्या इवल्या छातीला सोसत नाही. सहा महिने झाले की नाचणीचं सत्त्व आणि मऊ भात भरवायला त्यांच्याइतकं चांगलं कोण?

आता अण्णा. पत्रात त्यांच्यावर तू चारच ओळी लिहिल्यास, पण रोज होणारं नुकसान मला त्यांच्या बाबतीत जास्त दिसतं. मधात पाचात चार भाग साखरच असते. चहाचा एक चमचा मध म्हणजे साधारण सहा ग्रॅम साखर. रक्तातली साखर मध वाढवतो, गूळ वाढवतो, खडीसाखरही वाढवते. जुना मध मेद झडवतो असं आयुर्वेदात म्हटलं आहे, त्यावरून ‘मधुमेहाला मध चालतो’ ही समजूत पसरली असावी, पण ग्लुकोमीटरला ते पटत नाही. आणि सितोपलादी! सितोपला या शब्दाचा अर्थच खडीसाखर. मूळ पाठात खडीसाखर सोळा भाग, वंशलोचन आठ, पिंपळी चार, वेलची दोन, दालचिनी एक. म्हणजे चूर्णात निम्म्याहून जास्त साखर, आणि ती आपण वर मधात कालवतो. तीन वेळचा हिशोब केलास तर चार-पाच चमचे साखर खोकल्याच्या औषधातूनच पोटात जाते. तालीसादी चूर्ण घ्यावं म्हणशील तर त्यात साखर दोन तृतीयांश. च्यवनप्राशातही चरकसंहितेतल्या पाठापासूनच पाचशे आवळ्यांबरोबर साखर आणि मध आहे, बाजारच्या डब्यांत साखरेचं प्रमाण भरपूर असतं. साखरविरहित लिहिलेला डबा मिळतो, पण मागचे घटक वाचून घे.

यावरून अण्णांचं चूर्ण फेकून देऊ नकोस. आधी खोकला कशाचा ते बघ. रक्तदाबाच्या काही गोळ्यांनी, एनालाप्रिल, रामिप्रिल या जातीच्या, कोरडा खोकला येतो. पट्टीवरचं नाव वाच आणि डॉक्टरांना विचार, गोळी आपल्या मनाने बंद करू नका. खोकला दोन आठवड्यांच्या वर गेला असेल तर थुंकीची तपासणी करून घ्या. मधुमेहींना क्षयाचा धोका जास्त असतो आणि ती तपासणी सरकारी केंद्रात फुकट होते. हे दोन्ही नसेल आणि नेहमीचा पावसाळी खोकलाच असेल, तर परसातला अडुळसा आहेच. त्यातल्या व्हॅसिसीन या द्रव्यावरूनच पुढे ब्रोमहेक्सिन तयार झालं, जे खोकल्याच्या कितीतरी औषधांत असतं. पानांचा काढा मधाशिवाय कडू लागेल, पण अण्णांना तो घेता येईल. वैद्यांना एकदा विचारा, आणि जाताना सगळ्या गोळ्यांच्या पट्ट्या बरोबर न्या. ज्येष्ठमधाची काडी चघळायची सवय असेल तर ती सोडायला लावा. ती खूप दिवस खाल्ली की रक्तदाब वाढतो आणि अंगातलं पोटॅशियम कमी होतं. एवढं करूनही मध घरात असू दे. मधुमेहाच्या गोळ्यांनी कधी साखर एकदम उतरली, हात थरथरले, दरदरून घाम आला, तर माणूस शुद्धीवर असताना एक मोठा चमचा मध किंवा साखर लगेच द्यायची असते.

तुझ्यासारख्या ज्या दुसऱ्या आया हे वाचत असतील त्यांच्यासाठी आणखी थोडं. दुकानातल्या तयार गुटीच्या बाटलीवरही मध किंवा साखर लिहिलेली असते, बारीक अक्षरं वाचा. चोखणीला मध लावायची सवय वर्षानंतरही नको, पुढचे दात किडतात. गरोदर बाईने अडुळसा घेऊ नये, त्याने गर्भाशय आकुंचन पावू शकतं. बाळंतिणीला दशमूलारिष्ट देतात त्यात गूळ असतो आणि आंबवण्यातून आपोआप तयार झालेला मद्यार्कही असतो. अंगावर पाजणाऱ्या आईने ते मनाने बाटलीभर पिऊ नये. काढ्यात मध घालायचाच असेल तर काढा कोमट झाल्यावर घाला, तापवलेला मध घेऊ नये असं चरकानेही सांगितलं आहे. आणि पावसाळ्यात मधाच्या बाटलीच्या तोंडाशी फेस दिसला, आंबूस वास आला, तर त्यात पाणी जास्त आहे आणि तो आंबायला लागला आहे.

वर्ष पूर्ण झालं की मात्र मधाला घाबरू नकोस. वर्षावरच्या मुलाच्या साध्या सर्दी-खोकल्यात रात्री अर्धा चमचा मध खरंच आराम देतो, इंग्लंडच्या सरकारी वैद्यकीय मार्गदर्शनातही २०१९ पासून ते आहे. अडुळशाची पानं केळीच्या पानात गुंडाळून निखाऱ्यात भाजून त्यांचा रस काढायची रीत सासूबाईंना येत असेल, तर ती त्यांच्याकडून याच पावसाळ्यात शिकून घे. अण्णांना रस तसाच दे, बिनमधाचा. पुढच्या वर्षी लेकीला खोकला झाला तर किती द्यायचा ते मुलांच्या डॉक्टरांना विचारून तिच्यासाठी मधात.

दोन आठवड्यांनी पुन्हा पत्र पाठव. बाळ ओढून पितंय का, सासूबाई बोलू लागल्या का, आणि अण्णांची तीन महिन्यांच्या सरासरी साखरेची तपासणी झाली असेल तर आकडा किती आला, तेही लिही.